जोड्यांजवळची जागा

मी पाला चघळत नाही. आमच्या सना शहरात दुपारी दोननंतर असं म्हणणारा माणूस म्हणजे एक तर आजारी, नाही तर विक्षिप्त. मी विक्षिप्त. अख्खं शहर जेवण उरकून क़ातच्या, हलकी नशा आणणाऱ्या पाल्याची जुडी काखेत मारतं आणि कुणाच्या ना कुणाच्या बैठकीत जाऊन लोडाला रेलतं. मग एकेक पान तोंडात कोंबणं सुरू. तासाभरात प्रत्येकाच्या एका गालाला लिंबाएवढं टेंगूळ. हिरवे दात, हिरवी लाळ, हिरव्या थुंकीने काठोकाठ भरलेल्या पितळी पिकदाण्या. शी! मी माझ्या लग्नातसुद्धा चघळला नव्हता आणि सासऱ्यांनी ते मरेपर्यंत मनात ठेवलं.

मी उस्ता हमूद. चांदखिडक्या कोरतो. घरातल्या प्रत्येक साध्या खिडकीच्या डोक्यावर रंगीत काचांची अर्धगोल खिडकी असते ना, ती. जिप्समची लादी ओतायची, दह्यासारखी विरजली की सुरीने वेलबुट्टी कापायची, मागून काचा बसवायच्या. काप सरळ घालायचा नाही, तिरका घालायचा, म्हणजे ऊन खाली बसलेल्या माणसाच्या अंगावर उतरतं. हे सगळं मला माझ्या गुरूने, उस्ता सिनानने शिकवलं. एक गोष्ट तेवढी शिकवली नाही. ती तो बरोबर घेऊन गेला.

ती म्हणजे वाजणारी काच.

सिनानची मुलगी लुत्फिया. एकोणिसाव्या वर्षी देवीच्या साथीत तिचे दोन्ही डोळे गेले. त्यानंतर ती खोलीत आत येऊन बसेना. उंबऱ्याजवळ, लोकांचे जोडे पडलेले असतात तिथे चटई टाकून बसायची. म्हणायची, इथून सगळं घर ऐकू येतं. सिनान दोन वर्षं भट्टीत काच जाळत बसला. लोक म्हणायचे, म्हातारा जिन्न राबवतो. मी तेव्हा दहा वर्षांचा, त्याच्या भट्टीपाशीच असायचो. जिन्नबिन्न काही नव्हता. उंटाच्या लेंड्यांचा धूर होता आणि म्हाताऱ्याचा खोकला.

पण काच झाली. ऊन लागलं की प्रत्येक तुकडा आपला रंग टाकायचा आणि रंगासोबत आपला सूर. निळ्याचा बारीक, पितळी ताटाच्या कडेवरून ओलं बोट फिरवावं तसा. लालचा जाड, थेट छातीत लागणारा. आणि हा सूर खोलीभर पसरायचा नाही. रंग जिथे पडला, तिथेच तो ऐकू यायचा. दोन हात बाजूला सरकलात की संपलं, बसा भिंतीकडे बघत. सिनानने लेकीच्या चटईचं माप घेऊन काप घातले होते. सकाळचा पहिला तासभर सगळा रंग आणि सगळा सूर त्या एका चटईवर. वर खिडकीखाली, मानाच्या जागेवर लोडाला टेकलेल्या पाहुण्याला त्यातलं कणभरही ऐकू येत नसे.

पन्नास वर्षं त्या घराची सकाळ लुत्फिया खालाच्या, आम्हा सगळ्यांच्या मावशीच्या, तोंडून उजाडली. "निळी लागली, पाव लावा गं!" असं ती वरून ओरडली की खाली स्वयंपाकघरात तंदूरला पाव थापले जायचे. ढग आला तर तिला कळायचं. आकाशातून घार गेली तर सूर क्षणभर तुटायचा आणि ती म्हणायची, "घार." म्हणजे आंधळ्या बाईला घार दिसायची, आणि आम्हा डोळसांना पिकदाण्या. मी आठवड्यातून एकदोनदा सकाळी तिच्याशेजारी जाऊन बसायचो. माझं तेवढं एकच व्यसन.

आता मुतहर. लुत्फिया खालाच्या भावाचा मुलगा, घराचा कर्ता, वय चाळीस. जंबियाचा, कमरेच्या वाकड्या खंजिराचा, पट्टा नेहमी नवा आणि अक्कल तेवढी न वापरता गंजलेली. गेली सात वर्षं हा रोज शेख मुकबिलच्या बैठकीला जायचा आणि रोज जोड्यांजवळ बसायचा. आमच्याकडे माणसाची किंमत विचारावी लागत नाही, तो शेखपासून कितव्या लोडाशी बसलाय ते बघायचं. सगळ्यात आत शेख, त्याच्याजवळ काजी आणि जमीनदार, मग व्यापारी, मग मास्तर, आणि दारात, जोड्यांच्या ढिगाला ढोपर लावून, न्हावी. न्हाव्याच्या शेजारी मुतहर. ह्या एका गोष्टीने तो आतून कुजत चालला होता.

एक दिवस तो माझ्याकडे आला.

"उस्ता, आमच्या वरच्या खोलीतली चांदखिडकी आहे ना, अगदी तश्शीच दुसरी करून द्या. बिनआवाजाची."

"आणि असली?"

"असली शेखला नजर करतोय. नवीन बैठकीसाठी. शेख म्हणाला, अशी वस्तू देणारा माणूस माझ्यापासून दुसऱ्या लोडाशी बसेल."

"आणि तुझी आत्या? ती काय करेल?"

"तिला काय दिसतंय?"

"ऐकू येतं ना, गाढवा!"

"ते मी बघतो," असं म्हणत त्याने माझ्याच ओल्या लादीवर हिरवी पिंक टाकली. "शेख नवं घर बांधतोय. अठ्ठावीस खिडक्या आहेत. तुमचं नाव मी सुचवलंय."

तिथल्या तिथे त्याला लाथ घालून हाकलायला हवं होतं. नाही हाकललं. तीन वर्षांत माझ्या चारच खिडक्या विकल्या गेल्या होत्या. लोक कारखान्यातल्या चौकटी लावत होते, रंगीत प्लास्टिकचा कागद डकवलेल्या. अठ्ठावीस खिडक्या! ऐकताक्षणी माझे हात शिवशिवायला लागले. उगाच कशाला आडपडदा, मला मोह झाला. पाला न चघळणाऱ्या माणसाच्या तोंडालाही लाळ सुटते.

लुत्फिया खालाला पाच दिवस पुतणीच्या बाळंतपणाला धाडलं आणि मी ह्याच हातांनी गुरूची खिडकी काढली. नक्कल बसवली. रंग तेच, वेल तीच, काप तोच. खाली उतरून बघितलं तर मलाच ओळखू येईना. त्याचा मला त्या वेळी अभिमान वाटला.

ती परत आली. दुसऱ्या दिवशी सकाळी मुतहरने मला मुद्दाम बोलावून घेतलं होतं. खाला चटईवर बसलेली, तोंड खिडकीकडे. ऊन आलं. निळा तुकडा तिच्या मांडीवर पडला, मग लाल. ती वाट बघत राहिली. खालून मुतहरची बायको, घरची सून, ओरडली, "आत्याबाई, पाव लावू का?"

"थांब, अजून लागली नाही," खाला म्हणाली.

"लागली की, आत्या!" मुतहर खोटं बोलायला तयारच होता. "केव्हाची वाजतेय. मला ऐकू येतेय ना."

"मला नाही येत."

"अगं, सत्तरी आली तुझी. कान गेले असतील."

तिने मान हलवली. "माझे कान? तुझ्या खिशातल्या किल्ल्या ऐकू येतायत मला, मुतहर."

"बारीक सूर आधी जातात, हकीम म्हणतो तसं. उस्तांना विचार हवं तर. ते बसलेत तुझ्या बाजूला."

तिने हात लांब करून माझं मनगट धरलं. "हमूद, तू माझ्या बापाच्या हाताखालचा. तू खोटं बोलणार नाहीस. वाजतेय का?"

मुतहर माझ्याकडे टक लावून बघत होता, एका गालात सकाळीच भरलेला पाला. त्याच दिवशी मी शेखच्या घरी जाऊन अठ्ठावीस खिडक्यांची मापं घ्यायची होती. मापाची दोरी माझ्या खिशात होती.

"वाजतेय, खाला," मी म्हणालो.

तिने मनगट सोडलं. मग खाली ओरडून सांगितलं, "लाव गं पाव. मला आता विचारू नकोस."

आठवड्याने शेख मुकबिलच्या नव्या बैठकीत खिडकी बसवायला गेलो. लांबलचक खोली, पश्चिमेला शेखची जागा, पूर्वेला दार. शेख म्हणाला, "बरोबर माझ्या डोक्यावर लाव. माझ्याकडे बघणाऱ्याला ती दिसली पाहिजे."

"शेख, तुमच्या डोक्यावर लावली तर ऊन तुमच्या डोक्यावरून जाईल आणि तिकडे दारात पडेल. आवाजही तिथेच पडेल," मी सांगितलं. "समोरच्या भिंतीत, दारावर लावू या. सकाळी बसलात तर सगळं तुमच्या मांडीवर येईल."

"दारावर? जोड्यांच्या वर? माझी वस्तू?" शेख हसला, त्यामुळे भोवतालचे सगळे हसले. "आणि आवाज काय पडतो होय रे, उस्ता? आवाज भरतो. तू बिनपाल्याचा माणूस, तुझं डोकं दुपारी चालत नाही."

लावली. त्याच्या डोक्यावर लावली.

पहिल्या बैठकीला मलाही बोलावणं होतं. जागा अर्थातच जोड्यांजवळ, न्हाव्याला लागून. मुतहर शेखपासून दुसऱ्या लोडाशी, मान अशी ताठ की पगडी पडेल. चार तास मी ते बघितलं. काजीच्या दाढीत अडकलेलं पान. जमीनदाराच्या हनुवटीवरून खाली ओघळणारा हिरवा रस, जो तो बाहीने पुसायचा आणि त्याच बाहीने शेजाऱ्याला पाणी द्यायचा. हुक्क्याची एकच नळी सगळ्यांच्या तोंडातून फिरत होती, दरवेळी जरा अधिक ओली होऊन. माझ्या ढोपराशी तीस-पस्तीस जोडे, तळाला गाढवाचं शेण. शेणाचा वास त्यातल्या त्यात बरा वाटला.

मग सुलेमानी घटका आली. सूर्य टेकायला लागला की पाला चढलेली माणसं आपोआप गप्प होतात. दिवा लागेपर्यंत कुणी बोलत नाही. ऊन तांबडं झालं, शेखच्या पगडीवरून सरळ निघालं आणि दारात, जोड्यांवर येऊन पडलं. शेणाने माखलेल्या वहाणा निळ्या, लाल, पिवळ्या झाल्या. आणि माझ्या मांडीवर गुरूची काच वाजायला लागली.

संध्याकाळच्या उन्हात मी ती कधीच ऐकली नव्हती. लाल एवढा खोल गेला की माझे दात थरथरले. शेजारचा न्हावी चघळायचा थांबला. त्याचं तोंड उघडंच राहिलं, हिरवी लाळ छातीवर गळत होती आणि डोळ्यांतून पाणी. त्याने माझी बाही ओढली. "उस्ता, हे काय आहे?" मी त्याला गप्प राहायची खूण केली.

वर, लोडांशी, शेख डोळे मिटून मान डोलावत होता. त्याच्याकडे बघून काजी डोलावत होता, काजीकडे बघून बाकीचे. मुतहर तर बोटांनी ताल धरत होता, कशाचा ते त्याच्या बापालाही सांगता आलं नसतं. त्यांच्यापाशी काही म्हणजे काही ऐकू येत नव्हतं! मी जन्मभर ती खिडकी ओळखतो.

दिवा लागला. "सुभानअल्ला," शेख म्हणाला. "काय गोडवा!"

"मधासारखा," काजी म्हणाला.

न्हाव्याला राहवेना. "शेख, मी ऐकलं! तो जाड सूर जेव्हा..."

"तुला जोड्यांजवळ काय ऐकू येणार रे?" जमीनदार म्हणाला, आणि अख्खी बैठक हिरवे दात दाखवून हसली. न्हाव्याने मान खाली घातली. मी उठलो, बाहेर गेलो आणि गल्लीत भिंतीला धरून भडाभडा ओकलो. दुपारचं मेथीचं कालवण सगळं बाहेर आलं. लोकांना वाटलं, उस्ताने पहिल्यांदाच पाला खाल्ला आणि त्याला झेपला नाही.

ओकून झाल्यावरही चव जात नव्हती. त्यांना ऐकू न येता ते वाजतेय म्हणाले, म्हणून मला ओकारी आली. मग मी वेगळं काय केलं होतं? ते निदान एकमेकांना फसवत होते. मी एका आंधळ्या बाईला तिच्या कानांतून फसवलं होतं.

तिच्याकडे जायचं टाळत होतो, महिन्याने गेलो. ती उंबऱ्याजवळ नव्हती. आतल्या कोपऱ्यात बसली होती, दोन्ही कानांत कापूस. रोज तिळाचं गरम तेल ओतून घेत होती, ते कापसातून झिरपून ओढणीवर काळपट डाग पडले होते. खोलीला खवट वास येत होता.

"कोण?" ती ओरडली. बहिरी माणसं ओरडतात तशी ओरडली.

"हमूद, खाला."

"मोठ्याने बोल! मला ऐकू येत नाही हल्ली!"

मी तर कुजबुजलो होतो, आणि तिने ऐकलं होतं. पण आपण बहिरे झालो ह्यावर तिचा इतका विश्वास बसला होता, की ऐकलेलंही ती खरं धरत नव्हती. "डोळे गेले तेव्हा एवढं वाटलं नव्हतं रे," ती ओरडून म्हणाली. "तेव्हा बापाने खिडकी तरी दिली. आता मुतहर म्हणतो, ती अजून रोज वाजते. वाजते आणि मलाच कळत नाही. कुणी मेलेल्याच्या दारात गाणं म्हणावं तसं आहे."

तिच्या कानातून एक थेंब गालावर आला. मी तो रुमालाने पुसला. रुमाल अजून माझ्याकडे आहे, धुवायचं धाडस झालं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी शेखकडे गेलो. सांगितलं, संध्याकाळच्या तापाने जिप्सम कडेने सुटतंय, खिडकी काढून नीट करून दुपारपर्यंत लावतो, नाही तर तुमच्याच डोक्यावर पडेल. डोक्याचं नाव काढल्यावर शेखने लगेच परवानगी दिली. खिडकी गाढवावर घातली, खालाच्या घरी नेली. मुतहर बाजारात पाला निवडायला गेला होता, त्याला त्या कामाला दोन तास लागतात. नक्कल उतरवली, असली बसवली.

"काय ठोकतोस रे?" खाला कोपऱ्यातून ओरडली.

"साफ करतोय."

"कशाला? ऐकणारं कोण आहे?"

मी नक्कल घेऊन शेखकडे गेलो आणि ती त्याच्या डोक्यावर चढवली. संध्याकाळी मुद्दाम बैठकीला थांबलो. सुलेमानी घटका झाली, जोड्यांवर रंग पडले, आणि काहीही वाजलं नाही. एक माशी होती, तिचाच आवाज. वर सगळ्या माना डोलत होत्या. दिवा लागल्यावर शेख म्हणाला, "दुरुस्तीनंतर आवाज अधिक खुलला."

"कालपेक्षा गोड," काजी म्हणाला. मुतहरने तर डोळे पुसले, हरामखोराने!

न्हावी माझ्याकडे बघत होता. त्याला कळलं होतं. त्याने बोलायला तोंड उघडलं, वर हसणाऱ्या लोकांकडे बघितलं, आणि एक पान तोंडात टाकलं. त्या एका माणसाचं मला वाईट वाटलं. मी नजर चुकवली.

पहाटेची नमाज झाल्यावर मी खालाच्या घरी गेलो. खालून सून तंदूर पेटवत होती. मी खालाला हाताला धरून कोपऱ्यातून उठवलं आणि उंबऱ्याजवळ चटईवर बसवलं. ती कुरकुरली, पण बसली. मी तिच्या बाजूला बसलो, जोड्यांशेजारी, नेहमीच्या जागेवर. येताना वाटेत ठरवत होतो, ती आनंदाने ओरडेल, मी म्हणेन, बघा खाला, तेलाचा गुण आला. असं म्हटलं की सगळं मिटलं. मुतहर तोंड उघडणार नव्हता, उघडलं तर त्याचाच लोड जाणार होता.

ऊन आलं. निळा तुकडा तिच्या गुडघ्यावर पडला.

खालाचं अंग ताठ झालं. तिने एका कानातला कापूस काढला, मग दुसऱ्या. तेलकट बोळे मुठीत धरून ती बसून राहिली. लाल लागला. पिवळा लागला. मध्येच सूर क्षणभर तुटला.

"घार," ती म्हणाली. ओरडली नाही. महिनाभरात पहिल्यांदा ती तिच्या स्वतःच्या आवाजात बोलली.

मी ती हसायची वाट बघत होतो. ती हसली नाही.

"हमूद, आता वाजतेय."

"हो खाला. तेला..."

"त्या दिवशी मी तुझं मनगट धरून विचारलं होतं."

"विचारलं होतं," मी म्हणालो.

"तेव्हा वाजत होती?"

पिवळा माझ्या हातावर होता, अजून वाजत होता. खोटं बोलायला एक 'हो' पुरे होता आणि माझी जीभ त्याला सरावलेलीही होती.

"नाही," मी म्हणालो. "नव्हती वाजत."

तिने मुठीतले बोळे माझ्या तळहातावर ठेवले. चिकट, कोमट, काळे. "चाळीस दिवस मी माझ्या कानांना शिव्या दिल्या," ती म्हणाली. मग जिन्याकडे वाकून, नेहमीच्या आवाजात हाक दिली, "निळी लागून गेली गं, पाव लाव!"

खालून भांडं पडल्याचा आवाज आला. सुनेच्या हातून परात सुटली असावी.

"खाला..." मी सुरुवात केली.

"ऊठ इथून," ती म्हणाली. "ही जागा तुझी नाही. तू मोठा माणूस झालास, शेखच्या अठ्ठावीस खिडक्या करणारा. वर जाऊन बस, लोडाशी. मानाच्या जागेवर."

मी उठलो. खोली ओलांडून खिडकीखाली गेलो आणि लोडाला टेकून बसलो. अजूनही जातो मी तिथे, आठवड्यातून एकदा. ती हाकलत नाही, किश्रचा, कॉफीच्या टरफलांच्या काढ्याचा, पेला हातात देते आणि वरची जागा दाखवते. तिथून तिच्या मांडीवरचे रंग स्पष्ट दिसतात. ऐकू काही येत नाही.